परत आलेल्या सुया

व्यसन वाईट, हे वर्गात सांगणे सोपे असते. पण ज्याला ते आज सुटत नाही, तो निदान उद्यापर्यंत जगावा म्हणून काही करायचे की नाही? ऑस्ट्रेलियातील डॉ. अलेक्स वोडॅक यांनी हा प्रश्न कसा सोडवला, ते आपण पाहू.

वोडॅक १९८२ साली सिडनीच्या सेंट व्हिन्सेंट्स रुग्णालयात दारू व मादक द्रव्ये विभागाचे प्रमुख झाले. लवकरच एड्सचे संकट आले. हेरॉइन टोचून घेणारे अनेकदा एकच सुई आळीपाळीने वापरत. सुईत राहिलेल्या किंचित रक्तातून विषाणू दुसऱ्याच्या शरीरात पोचे. स्कॉटलंडमधील एडिंबरो शहरात नव्या सिरिंजा मिळणे कठीण झाले होते. तेथील एका दवाखान्यात तपासलेल्या हेरॉइन घेणाऱ्यांपैकी निम्म्या जणांना लागण झाल्याचे १९८६ साली प्रसिद्ध झाले.

जुनी सुई घेऊन नवी द्यावी, असे वोडॅक यांचे म्हणणे होते. पण सरकार तयार होईना आणि अशी सुई देणे बेकायदा होते. नोव्हेंबर १९८६ मध्ये त्यांनी व सहकाऱ्यांनी कायदा मोडून हे काम उघडपणे सुरू केले. यातली शास्त्रीय गोष्ट पुढेच आहे. परत आलेल्या सिरिंजांमधील रक्त त्यांनी तपासले. कोणाचे नाव विचारावे लागले नाही, पण विषाणू या लोकांत शिरल्याचे सिद्ध झाले. थोड्याच काळात राज्य सरकारने स्वतःच सुयांचे वाटप हाती घेतले.

यामुळे व्यसनाला उत्तेजन मिळत नाही का? शंका रास्त आहे, म्हणूनच ती तपासली गेली. जागतिक आरोग्य संघटनेसाठी वोडॅक व अ‍ॅनी कूनी यांनी २००४ साली जगभरच्या अभ्यासांचा आढावा घेतला. सुया दिल्याने व्यसन वाढते, असा खात्रीलायक पुरावा त्यांना आढळला नाही. २००० ते २००९ या काळात ऑस्ट्रेलियात सुमारे ३२,००० जणांची एच.आय.व्ही.ची लागण टळली, असा २००९ सालच्या एका अहवालाचा अंदाज आहे. हा आकडा गणिती प्रतिमानातून काढलेला आहे, प्रत्यक्ष मोजलेला नाही, हेही लक्षात ठेवावे.

या उपायाला मर्यादाही आहेत. यकृताला सूज आणणारा हेपॅटायटिस सी हा विषाणू रक्तातून अधिक सहज पसरतो आणि तो आधीच फैलावलेला होता. त्याला सुया तितक्या रोखू शकल्या नाहीत. शिवाय सुई व्यसन सोडवत नाही. त्यासाठी उपचार लागतातच.

उशिराची किंमत काय असते, ते आपल्याच देशात मणिपूरने पाहिले. तेथे १९८९-९० मध्ये टोचून घेणाऱ्यांमधील लागण अवघ्या सहा महिन्यांत जवळजवळ शून्यावरून ५० टक्क्यांच्या आसपास गेली.

वोडॅक यांनी कायदा मोडला ते योग्य होते का, यावर वर्गात जरूर चर्चा घ्यावी. मुलांचे उत्तर काहीही येवो. ते बरोबर की चूक हे कशाची मोजणी करून ठरवता येईल, एवढे मात्र त्यांना अवश्य विचारावे.