मोबाइल गेम

मोबाइल गेम म्हणजे भ्रमणध्वनी संचावर खेळला जाणारा व्हिडिओ गेम. १९९७ सालच्या नोकिया ६११० या संचात 'स्नेक' हा सापाचा खेळ आधीपासूनच असे. तो वेगळा मिळवावा लागत नसे. ॲपलचे ॲप स्टोअर जुलै २००८ मध्ये आणि अँड्रॉइड मार्केट (२०१२ पासून गूगल प्ले) त्याच वर्षी ऑक्टोबरमध्ये सुरू झाले. तेव्हापासून बहुतेक खेळ अशा अधिकृत ॲप स्टोअरवरूनच डाउनलोड केले जातात. पुष्कळ खेळ विनामूल्य असून त्यांचे उत्पन्न जाहिराती व खेळांतर्गत खरेदीतून येते.

अँड्रॉइडवर एपीके फाइल थेट उतरवूनही खेळ बसवता येतो. यास साइडलोडिंग म्हणतात. त्यातील जोखीम केवळ अनोळखी संकेतस्थळांपुरती नाही. २०१८ मध्ये एपिक गेम्सने 'फोर्टनाइट' स्वतःच्या संकेतस्थळावरून दिला, तेव्हा त्याच्या इन्स्टॉलरमधील त्रुटीमुळे फोनवरील दुसरे ॲप खेळाऐवजी भलतीच फाइल बसवू शकत होते. गूगलने ती निदर्शनास आणल्यावर एपिकने दुरुस्ती केली.

ऑनलाइन खेळांत फाइल हाती असणे पुरेसे नसते. भारत सरकारने २ सप्टेंबर २०२० रोजी ११८ ॲपवर बंदी घातली. त्यांत 'पब्जी मोबाइल' होता. आधीच उतरवलेल्या फोनांवर तो काही आठवडे चालत राहिला आणि ३० ऑक्टोबरला सर्व्हर बंद झाल्यावरच थांबला. २ जुलै २०२१ रोजी आलेल्या 'बॅटलग्राउंड्स मोबाइल इंडिया'मध्ये जुन्या खात्यातील सामग्री हलवण्याची सोय ठराविक मुदतीपुरती होती.