डोळ्याच्या खोबणीची सूज : निदान-संकेतांकन

डोळ्याचा गोलक ज्या हाडांच्या खोबणीत (नेत्रकोटरात) बसलेला असतो, तिच्यातील चरबी, स्नायू आणि इतर ऊतींत द्रव साठून येणारी सूज. खोबणीच्या भिंती हाडांच्या असल्याने आत दाब वाढला की गोलक पुढे ढकलला जातो. जागतिक आरोग्य संघटनेच्या आंतरराष्ट्रीय रोगवर्गीकरणाच्या दहाव्या आवृत्तीत (आयसीडी-१०) ही सूज डोळा पुढे येण्याच्या विकारांत, म्हणजे एच०५.२ या संकेतांकात मोडते.

अमेरिकेत १ ऑक्टोबर २०१५ पासून वापरात असलेल्या आयसीडी-१०-सीएम या विस्तारित रूपात तिला एच०५.२२ हा उपगट मिळाला. पूर्वीच्या नवव्या आवृत्तीत ३७६.३३ हा एकच क्रमांक पुरत असे. आता शेवटचा अंक बाजू सांगतो. एच०५.२२१ उजव्या खोबणीसाठी, एच०५.२२२ डाव्या, एच०५.२२३ दोन्ही आणि एच०५.२२९ बाजू नोंदवलेली नसल्यास. हा शेवटचा अंक नसलेला संकेतांक अपुरा ठरतो आणि विम्याचा दावा परत येऊ शकतो.

खरी कसोटी लागते ती सुजेची जागा ठरवताना. पापणीच्या आत ऑर्बिटल सेप्टम नावाचा पातळ पडदा असतो. सूज त्याच्या पुढे, केवळ पापणीपुरती असेल तर एच०२.८४ हा उपगट. त्यात वरची व खालची पापणीही वेगळी नोंदवतात. पडद्यापुढच्या ऊतींत जंतुसंसर्ग असेल तर एल०३.२१३. पडद्यामागे, खोबणीतच संसर्ग असेल तर एच०५.०१ हा उपगट.

शेवटच्या प्रकारात दृष्टी जाण्याचा, क्वचित मेंदूपर्यंत संसर्ग पोहोचण्याचा धोका असतो. डोळा हलवताना वेदना, गोलकाची मर्यादित हालचाल, नजर कमी होणे या खुणा डॉक्टरांनी लिहिल्या असतील आणि सीटी स्कॅनचा अहवाल जोडला असेल, तर निदान पक्के व्हायला मदत होते. केसपेपरवर नुसते ‘डोळा सुजला’ असेल, तर संकेतांक देणाऱ्याने स्वतः अंदाज बांधायचा नसतो. डॉक्टरांना विचारायचे असते.

निदान पक्के झाले की त्याचा भाग असलेली सूज सहसा वेगळी नोंदवत नाहीत. मात्र अमेरिकी नियमांनुसार बाह्यरुग्णाच्या कागदावर ‘संशयित’ वा ‘संभाव्य’ असे लिहिले असेल, तर त्या आजाराचा संकेतांक देता येत नाही. तेव्हा दिसणारी खूण, म्हणजे सूजच, नोंदवतात.

सुजेमागे थायरॉइडचा ग्रेव्हज आजार, सायनसचा संसर्ग, मार किंवा गाठ असू शकते. २०२१ मध्ये कोविडच्या दुसऱ्या लाटेत महाराष्ट्रात म्यूकरमायकोसिसचे (काळ्या बुरशीचे) रुग्ण मोठ्या संख्येने आढळले. नाकातून खोबणीत शिरणाऱ्या या बुरशीत डोळ्याभोवतीची सूज ही ठळक खूण होती. काहींचा डोळा काढावा लागला. नाक, डोळे व मेंदू व्यापणाऱ्या या प्रकाराचा आयसीडी-१० मधील संकेतांक बी४६.१ हा आहे.