प्रश्न चर्चचा, उत्तर आबरूचं
अमेरिकेच्या जनगणनेत धर्म विचारत नाहीत. १९०६ ते १९३६ या काळात सरकार दर दहा वर्षांनी पंथांकडून सभासदांचे आकडे गोळा करी, तेही पुढे थांबलं. ती जागा गॅलप या संस्थेच्या जनमत पाहणीने घेतली. गेल्या सात दिवसांत चर्चला किंवा सिनेगॉगला गेला होतात का, असं १९३९ साली विचारल्यावर ४१ टक्के लोक ‘हो’ म्हणाले.

पन्नासच्या दशकात हा आकडा ४९वर गेला. शीतयुद्धाचे दिवस होते आणि कम्युनिस्ट म्हणजे नास्तिक हे समीकरण घट्ट बसलेलं. १९५४ साली राष्ट्रध्वजाच्या प्रतिज्ञेत देव आला, १९५६ साली राष्ट्राच्या ब्रीदवाक्यात. अशा वेळी अनोळखी माणसापुढे ‘नाही गेलो’ म्हणणं सोपं नव्हतं.

नंतरही आकडा बरीच वर्षं चाळिशीच्या आसपास राहिला, जुन्या प्रोटेस्टंट पंथांचे सभासद मात्र आटत होते. हा मेळ बसेना, म्हणून हॅडवे, मार्लर आणि चेव्ह्ज या संशोधकांनी ओहायोतली अ‍ॅश्टाब्युला काउंटी निवडली. तिथले रस्ते पिंजून काढून त्यांनी चर्चेस शोधली, हजेरीचे आकडे मागितले. जिथे ते मिळाले नाहीत तिथे प्रार्थनेच्या वेळी बाहेर उभ्या असलेल्या गाड्या मोजल्या. गेल्या सात दिवसांत गेलो होतो म्हणणारे प्रोटेस्टंट ३६ टक्के, प्रत्यक्षात हजर जेमतेम २०. हे १९९३ साली छापून आलं. त्या लोकांना मी खोटारडे म्हणणार नाही. आपण चर्चला जाणाऱ्यांपैकी आहोत, एवढंच त्यांना सांगायचं होतं.

ही सांगण्याची गरजच पुढे ओसरली. नव्वदच्या दशकात ‘कुठलाच धर्म नाही’ म्हणणारे ७ टक्क्यांवरून १४वर गेले. हाउट आणि फिशर या समाजशास्त्रज्ञांनी पाहिलं, तर त्यातले अनेक जण देव मानणारे निघाले. धर्माच्या नावाने चाललेल्या उजव्या राजकारणाशी आपलं नाव जोडलं जाऊ नये, एवढाच त्यांचा आग्रह होता. मला हे कारण पटतं, कारण अश्रद्ध लोक एका दशकात दुप्पट होत नाहीत, लाज मात्र सुटू शकते.

अर्थात चर्चेसही खरोखरच रिकामी होत आहेत. गॅलपच्याच पाहणीत चर्च, सिनेगॉग किंवा मशिदीचे सभासद म्हणवणारे १९३७ साली ७३ टक्के होते. २०२० साली ४७, म्हणजे प्रथमच निम्म्याहून कमी. प्यू संस्थेच्या २०२३-२४च्या पाहणीत ख्रिस्ती ६२ टक्के आणि कुठलाच धर्म न सांगणारे २९ टक्के निघाले. २०१९पासून ख्रिस्ती लोकांच्या प्रमाणातली घसरण जवळपास थांबली आहे, पण ती कायमची थांबली असं मला वाटत नाही: सर्वांत वयस्कर गटात ख्रिस्ती ८० टक्के आहेत, तर अठरा ते चोवीस वयाच्या मुलामुलींत ४६.