बिहारमधील संस्कृत शिक्षकांचा वेतनविवाद

बिहार शासनाने अध्यादेशाद्वारे ताब्यात घेतलेल्या खाजगी संस्कृत शाळांतील शिक्षक व कर्मचारी आणि राज्य शासन यांच्यातील न्यायालयीन वाद. 'कृष्णकुमार सिंग विरुद्ध बिहार राज्य' या नावाने तो ओळखला जातो. सर्वोच्च न्यायालयाच्या सात न्यायाधीशांच्या घटनापीठाने २ जानेवारी २०१७ रोजी त्याचा निकाल दिला. शासकीय सेवेचा शिक्षकांचा दावा त्यात फेटाळला गेला. अध्यादेश काढण्याच्या अधिकाराची मर्यादा मात्र या निकालाने ठरली.

पार्श्वभूमी : डिसेंबर १९८९ मध्ये बिहारच्या राज्यपालांनी अध्यादेश काढून ४२९ खाजगी संस्कृत शाळांचे व्यवस्थापन व नियंत्रण शासनाकडे घेतले. त्यामुळे तेथील शिक्षकांची सेवा संस्थाचालकांकडून शासनाकडे जाणार होती, म्हणजेच शासकीय वेतन व सेवेची शाश्वती मिळणार होती. संविधानाच्या अनुच्छेद २१३ नुसार विधिमंडळाचे अधिवेशन चालू नसतानाच राज्यपालांना अध्यादेश काढता येतो. तो पुढे सभागृहासमोर ठेवावा लागतो आणि अधिवेशन सुरू झाल्यापासून सहा आठवड्यांत कायदा न झाल्यास संपुष्टात येतो. बिहारमध्ये कायदा झालाच नाही. एक अध्यादेश संपत आला की दुसरा निघे. यांपैकी एकही अध्यादेश विधिमंडळासमोर ठेवला गेला नाही. अखेरचा अध्यादेश ३० एप्रिल १९९२ रोजी संपला आणि त्याबरोबर शिक्षकांच्या वेतनाचा आधारही गेला.

बिहारमधील ही प्रथा नवी नव्हती. पुण्याच्या गोखले राज्यशास्त्र व अर्थशास्त्र संस्थेतील प्राध्यापक डी. सी. वाधवा यांनी बिहार शासनाची राजपत्रे तपासून १९६७ ते १९८१ या काळात निघालेल्या २५६ अध्यादेशांचा छडा लावला होता. त्यांतील काही पुन्हा पुन्हा काढून चौदा वर्षांपर्यंत जिवंत ठेवलेले आढळले. वाधवा यांच्या याचिकेवर सर्वोच्च न्यायालयाने डिसेंबर १९८६ मध्ये ही प्रथा म्हणजे संविधानाशी केलेली लबाडी असल्याचा निर्वाळा दिला. संस्कृत शाळांचा पहिला अध्यादेश त्यानंतर तीनच वर्षांनी निघाला.

न्यायालयीन वाटचाल : वेतन व शासकीय सेवेचा दर्जा यांसाठी शिक्षकांनी पाटणा उच्च न्यायालयात धाव घेतली. अध्यादेश संपला, तरी त्याने दिलेला हक्क संपत नाही, असा त्यांचा युक्तिवाद होता. त्याला ओडिशातील १९६२ च्या भूपेंद्रकुमार बोस खटल्याचा व आंध्र प्रदेशातील १९८५ च्या टी. वेंकट रेड्डी खटल्याचा आधार होता. वाधवा निकालाचा दाखला देत उच्च न्यायालयाने अध्यादेशांची मालिका अवैध मानली, पण ३० एप्रिल १९९२ पर्यंतचे वेतन देण्याचा आदेश दिला. प्रकरण सर्वोच्च न्यायालयात गेले, तेव्हा १९९८ मध्ये दोन न्यायमूर्तींत मतभेद झाला. न्या. सुजाता मनोहर यांनी पहिल्यासह सर्वच अध्यादेश एका साखळीचे दुवे ठरवून अवैध मानले, न्या. डी. पी. वाधवा यांच्या मते पहिला वैध व पुढचे अवैध होते. पहिला अध्यादेश वैध धरला, तर त्यातून शिक्षकांना मिळालेला हक्क टिकून राहतो काय, हा प्रश्न उरत असल्याने वाद मोठ्या पीठाकडे गेला.

निकाल : पाच न्यायमूर्तींच्या वतीने न्या. धनंजय चंद्रचूड यांनी बहुमताचा निकाल लिहिला; न्या. शरद बोबडे व न्या. उदय लळित हेही त्यात होते. अध्यादेश सभागृहासमोर ठेवणे बंधनकारक आहे, तो वारंवार काढणे ही संविधानाशी लबाडी आहे आणि त्यातून कायमचे हक्क आपोआप निर्माण होत नाहीत, असे बहुमताने ठरवले. अध्यादेश संपल्यावर त्याचे परिणाम टिकवायचे असतील, तर सार्वजनिक हित किंवा घटनात्मक निकड दाखवावी लागेल; झालेली गोष्ट मागे फिरवणे अशक्य वा अव्यवहार्य आहे काय, हेही पाहिले जाईल. १९६२ व १९८५ च्या निकालांतील 'टिकाऊ हक्का'चे तत्त्व अमान्य झाले. सभागृहासमोर ठेवणे बंधनकारक नाही, असे मत न्या. मदन लोकूर यांनी नोंदवले; सरन्यायाधीश टी. एस. ठाकूर यांनी तो मुद्दा खुला ठेवला.

उच्च न्यायालयाच्या आदेशानुसार दिलेले वेतन वसूल करू नये, एवढा दिलासा शिक्षकांना मिळाला. अध्यादेश काढले शासनाने, ते सभागृहापुढे ठेवले नाहीत तेही शासनानेच. त्यांवर विसंबलेल्या शिक्षकांचा सेवेवरील दावा मात्र गेला. अध्यादेशाने मिळालेली नोकरी पुढे कायदा झाल्याशिवाय पक्की धरता येत नाही, ही बाब या निकालाने स्पष्ट झाली.