जामीन नामंजुरीविरुद्ध अपील (ॲट्रॉसिटी कायदा)
अनुसूचित जाती व जमाती (अत्याचार प्रतिबंध) कायदा, 1989 खालील खटल्यात विशेष न्यायालयाने जामीन नाकारल्यास आरोपीला उच्च न्यायालयात उपलब्ध असलेला मार्ग. एरवी खुनाच्या आरोपीला सत्र न्यायालयाने जामीन नाकारला, की तो उच्च न्यायालयात नव्याने जामीन अर्ज करतो. इथे मात्र कलम 14-अ नुसार रीतसर फौजदारी अपील करावे लागते. हे कलम 2015 च्या दुरुस्तीने आले व 26 जानेवारी 2016 पासून लागू झाले. जामीन मंजूर झाल्यास त्याविरुद्धही याच कलमाखाली अपील होते.

अपिलाची मुदत 90 दिवस. सबळ कारण दाखवल्यास विलंब माफ होतो. अपील शक्यतो 3 महिन्यांत निकाली काढावे असे कलम सांगते. ‘शक्यतो’ हा शब्द येथे बराच भार वाहतो.

खरा फरक अपिलाच्या पहिल्या पानावर दिसतो. प्रतिवादी क्र. 1 राज्य शासन आणि क्र. 2 बहुधा फिर्यादी, म्हणजे खुनाच्या खटल्यात अनेकदा मृताचा भाऊ, बाप किंवा विधवा. कलम 15-अ प्रमाणे त्यांना नोटीस मिळण्याचा व बाजू मांडण्याचा हक्क आहे. तो डावलून दिलेला जामीन टिकत नाही, हे सर्वोच्च न्यायालयाने 2021 मध्ये स्पष्ट केले.

युक्तिवाद बहुधा कलम 3(2)(पाच)भोवती फिरतो: मृताची जात आरोपीला ठाऊक होती का? एकाच गावात राहणाऱ्याने ‘ठाऊक नव्हती’ म्हणणे सहसा पटत नाही.