मणी कौल : कथेपलीकडचा चित्रपट

चित्रपटाने गोष्ट सांगितलीच पाहिजे, हा संकेत दिग्दर्शक मणी कौल यांनी अखेरपर्यंत मानला नाही. त्यांच्या चित्रपटांना पुरस्कार लाभले. प्रेक्षक मात्र मोजकेच राहिले.

२५ डिसेंबर १९४४ रोजी जोधपूर येथे जन्मलेल्या कौल यांनी पुण्याच्या चित्रपट संस्थेतून १९६६ मध्ये शिक्षण पूर्ण केले. ऋत्विक घटक हे तेथे त्यांचे गुरू होते. फिल्म फायनान्स कॉर्पोरेशनच्या अर्थसाहाय्याने त्यांनी 'उसकी रोटी' (१९६९) हा पहिला कथापट तयार केला. बसचालक पतीसाठी रोटी घेऊन रस्त्याकडेला ताटकळणारी स्त्री, एवढाच मोहन राकेश यांच्या मूळ कथेचा आधार. घटनांपेक्षा त्या वाट पाहण्यालाच कौल यांनी महत्त्व दिले. विजयदान देथा यांच्या कथेवरील 'दुविधा' (१९७३) या चित्रपटासाठी त्यांना उत्कृष्ट दिग्दर्शनाचा राष्ट्रीय पुरस्कार मिळाला. विजय तेंडुलकर यांच्या नाटकावर आधारित 'घाशीराम कोतवाल' (१९७६) या मराठी चित्रपटाच्या सामूहिक दिग्दर्शनातही त्यांचा सहभाग होता.

व्यावसायिक निर्मात्यांचे पाठबळ नसलेल्या या कलावंताला माहितीपटाच्या क्षेत्रात मोकळीक मिळाली. फिल्म्स डिव्हिजनसाठी केलेल्या 'अरायव्हल' (१९८०) मध्ये मुंबईत दाखल होणारा माल आणि मजूर, दोन्ही एकाच दृष्टीने टिपलेले दिसतात. शहर माणसांनाही मालासारखेच वापरते, हे त्यात कोणतेही निवेदन न करता सांगितले आहे.

कौल स्वतः उस्ताद झिया मोहिउद्दीन डागर यांच्याकडे धृपद शिकले. 'धृपद' (१९८२) या माहितीपटात रुद्रवीणावादक उस्ताद आणि त्यांचे गायक बंधू झिया फरीदुद्दीन डागर यांची कला आहे. आलापात स्वर सावकाश उलगडतो, तसेच कौल यांचे दृश्यही घाई न करता उलगडते. संगीताची माहिती देण्यापेक्षा संगीताची रीत चित्रपटात आणणे, हे या कामाचे वैशिष्ट्य ठरले. बनारसच्या ठुमरी गायिका सिद्धेश्वरी देवी यांच्यावरील 'सिद्धेश्वरी' (१९८९) मध्येही चरित्राचा क्रम बाजूला ठेवून गायिका, नदी आणि नगर यांची गुंफण केलेली आहे. त्याला उत्कृष्ट माहितीपटाचा राष्ट्रीय पुरस्कार मिळाला.

६ जुलै २०११ रोजी कौल यांचे निधन झाले. चित्रपट हा साहित्याचा अनुवाद नव्हे, ती काळाची स्वतंत्र कला आहे, हा त्यांचा आग्रह प्रायोगिक चित्रपटकारांसाठी आजही मोलाचा ठरतो.