बंदुकीचा चाप हलका करून घेताय? थांबा, आधी हे वाचा
राखणीच्या बंदुकीचा ट्रिगर: घरी काय तपासावे, कारागिराकडे काय न्यावे, कायदा काय म्हणतो

रानडुक्कर आणि रोही यांच्या त्रासामुळे पीक संरक्षणाचा परवाना काढून बंदूक बाळगणारे शेतकरी आजही अनेक तालुक्यांत आहेत. कुणाकडे आजोबांच्या नावावरून वारसाने आलेली ठासणीची, कुणाकडे एकनळी किंवा दुनळी बारा बोअर, तर थोड्या जणांकडे सरकारी कारखान्यात बनलेली 315 बोअरची रायफल असते. या बंदुकांबद्दल एक तक्रार नेहमी ऐकू येते. "चाप लय जड आहे, ओढताना नळी हलते आणि नेम चुकतो." त्यावर गावातला उपायही ठरलेला असतो. ओळखीच्या लोहाराकडे किंवा वेल्डिंगवाल्याकडे जायचे आणि आतला खटका थोडा घासून घ्यायचा.

हा उपाय जीवघेणा आहे आणि कायद्यानेही गुन्हा ठरतो. चापाबाबत मालकाने घरी काय करावे, काय करू नये आणि कारागिराकडून काम करून घेतल्यावर काय तपासावे, याची माहिती एकत्र देत आहोत.

चाप ओढल्यावर आत काय होते

बोटाने ओढतो तो चाप, म्हणजेच ट्रिगर. जुन्या बंदुकीला वर दिसतो तो घोडा. नव्या बंदुकीत आणि रायफलीत घोडा किंवा मारपिन आत लपलेली असते. घोडा चढवला की मागची दणकट स्प्रिंग दाबली जाते. तो पुढे सुटू नये म्हणून आत पोलादाची एक छोटी अडकण असते. कारागीर तिला सियर म्हणतात. चाप ओढला की ही अडकण बाजूला सरकते, घोडा सुटतो आणि बार उडतो.

म्हणजे भरलेली बंदूक आणि उडालेला बार यांच्यामध्ये एवढी एक अडकणच असते. दोन पोलादी कडा एकमेकींवर किती टेकल्या आहेत आणि कोणत्या कोनात टेकल्या आहेत, यावर सगळे अवलंबून आहे. हे टेकणे पुरेसे असेल तोवर बंदूक खाली ठेवली, दस्त्याला धक्का बसला, बोल्ट जोरात लावला तरी काही होत नाही. ते कमी झाले की चाप हलका लागतो, पण धक्क्याने बार उडण्याची भीती त्याच बरोबर वाढते.

चाप किती जड असावा

चापाचे वजन म्हणजे घोडा सुटेपर्यंत बोटाला लावावा लागणारा जोर. शिकारी घडणीच्या रायफलींचा चाप साधारण दीड ते अडीच किलोचा असतो. बारा बोअरचा बहुधा याच्या आसपास किंवा थोडा जास्त असतो. दुनळीला दोन चाप असतात. पुढचा बहुतेक उजव्या नळीचा आणि मागचा डाव्या नळीचा. मागचा चाप थोडा जड ठेवण्याची जुनी रीत आहे. पहिल्या बाराच्या धक्क्याने दुसरी नळी आपोआप उडू नये, हे त्यामागचे कारण.

315 बोअरच्या रायफलीची घडण जुन्या ली एनफिल्ड या लष्करी रायफलीवरून घेतलेली आहे. तिचा चाप मुळातच जड असतो आणि दोन टप्प्यांत ओढला जातो. पहिला टप्पा मोकळा जातो, मग बोटाला अडल्यासारखे लागते आणि त्यानंतर थोडा जोर दिला की बार उडतो. अनेकांना हा दोष वाटतो. खरे तर थंडीत बोटे बधिर झालेल्या, घाईत असलेल्या माणसाच्या हातून नकळत बार उडू नये म्हणून ही रचना आहे. रात्रीच्या जागलीला हीच गोष्ट शेतकऱ्याच्या कामाची आहे.

घासून घेतल्याने काय बिघडते

अडकणीचे पोलाद आतून बाहेरून सारखे कडक नसते. अनेक बंदुकांत वरचा पातळ थर तेवढा कडक केलेला असतो. कानशीने किंवा ग्राइंडरने तो थर गेला की खालचे मऊ लोखंड उघडे पडते. सुरुवातीला चाप छान चालतो. पुढे वापरात कडा झिजत जाते आणि एक दिवस घोडा अडकतच नाही किंवा नुसत्या हिसक्याने सुटतो.

दुसरा प्रकार म्हणजे स्प्रिंग कापणे. चापाची स्प्रिंग कमजोर झाली की चाप आणि अडकण पूर्ण जागेवर परत येत नाहीत. घोड्याची स्प्रिंग कमजोर झाली तर काडतुसाच्या टोपीवर टोला हलका बसतो आणि बार फुसका जातो किंवा उशिरा उडतो. चाप ओढूनही बार उडाला नाही तर नळी सुरक्षित दिशेलाच धरून निदान 30 सेकंद थांबावे. ठासणीच्या बंदुकीला याहून जास्त वेळ द्यावा. लगेच उघडून बघू नये, नळीत तर अजिबात डोकावू नये.

कारखान्यातसुद्धा चूक होते

परदेशी रायफलींच्या चापाला आत बारीक स्क्रू असतात आणि त्याने वजन कमी जास्त करता येते. मोबाईलवर त्याचे व्हिडिओ खूप दिसतात. पण हा विषय किती नाजूक आहे याचे मोठे उदाहरण अमेरिकेतच आहे.

तिथल्या रेमिंग्टन कंपनीची मॉडेल 700 ही रायफल 1962 मध्ये आली आणि शिकाऱ्यांमध्ये फार चालली. चाप न ओढता बार उडाल्याच्या तक्रारी तिच्याबद्दल अनेक वर्षे होत राहिल्या. 2000 मध्ये मोंटाना राज्यात शिकारीहून परतलेल्या कुटुंबात रायफल रिकामी करण्यासाठी सेफ्टी सरकवली आणि बार उडाला. त्यात 9 वर्षांचा मुलगा गेला. पुढे कंपनीने नवा चाप आणला. पण एप्रिल 2014 मध्ये त्या चापाच्या रायफलीही परत मागवाव्या लागल्या. 1 मे 2006 ते 9 एप्रिल 2014 या काळात बनलेल्या रायफलींचा त्यात समावेश होता. जोडणी करताना चापात चिकटद्रव्य जास्त लागले तर बार आपोआप उडू शकतो, हे त्याचे कारण सांगितले गेले.

यंत्रे, मापे आणि तपासनीस असलेल्या कारखान्यात चिकटद्रव्य जास्त झाल्याने एवढा धोका होत असेल, तर गावातल्या ग्राइंडरवर अंदाजाने घासलेल्या अडकणीचे काय होईल, याचा विचार करावा.

घरी करायची तपासणी

ही तपासणी हंगामाच्या सुरुवातीला, बंदूक पाण्यात भिजल्यावर किंवा पडल्यावर, आणि निवडणुकीच्या काळात पोलीस ठाण्यात जमा केलेली बंदूक परत मिळाल्यावर जरूर करावी. जमा असताना बंदुकीला महिनोन् महिने तेलपाणी मिळालेले नसते. आत गंज धरतो, जुने तेल चिकट होते.

सर्वांत आधी काडतुसे दुसऱ्या खोलीत ठेवावीत. नळी उघडून डोळ्याने बघावी आणि बोटाने चाचपावी. रायफलीचे मॅगझीन काढून ठेवावे. घरातल्या लहान मुलांना बाहेर पाठवावे. नळीचे तोंड मातीच्या भिंतीकडे किंवा बांधाकडे ठेवावे, माणसांच्या खोलीकडे नको. बारा बोअर रिकामी चालवल्याने मारपिनेला इजा होऊ शकते. म्हणून डमी काडतूस वापरावे आणि ते चटकन ओळखू येईल असे लाल रंगवून ठेवावे. ठासणीची बंदूक भरलेली आहे की रिकामी हे गज आत टाकून पाहावे. निपलवर टोपी ठेवू नये.

1. सेफ्टीची परीक्षा: रिकामी बंदूक चढवा, सेफ्टी लावा, चाप जोरात ओढून सोडा. आता बोट चापापासून दूर ठेवून सेफ्टी काढा. या वेळी टक् असा आवाज येऊन घोडा पडला, तर बंदूक धोक्याची आहे.

2. बोल्टची परीक्षा: रायफलीचा बोल्ट पाच सहा वेळा जोराने पुढे लावा. घोडा प्रत्येक वेळी अडकलाच पाहिजे. एकदा जरी सुटला तरी बंदूक नापास.

3. धक्क्याची परीक्षा: रिकामी बंदूक चढवून, सेफ्टी काढून, दस्त्याला तळहाताने चारी बाजूंनी ठोका. मग रबरी पायपुसणीवर दस्ता हलकेच आपटा. घोडा पडता कामा नये. या वेळी नळीच्या तोंडावर वाकू नये.

4. अर्ध्या घोड्याची परीक्षा: बाहेर घोडा असलेल्या जुन्या बंदुकीत घोडा अर्धा चढवला की एक खाच पकडते. त्या जागी चाप ओढला तर घोडा हलता कामा नये.

5. वजनाची परीक्षा: कापूस, भाजी किंवा मासळी तोलायचा हूकचा काटा चापाच्या मधोमध अडकवून सरळ मागे ओढा. घोडा सुटतो तेव्हाचा आकडा तीनदा घ्या आणि वहीत लिहून ठेवा. दर वर्षीच्या आकड्यात मोठा फरक पडला किंवा तो दीड किलोच्या खाली आला तर कारागिराला दाखवा.

यातली एकही परीक्षा नापास झाली तर त्या बंदुकीत काडतूस घालायचे नाही. "एक रात्र काढू, उद्या दाखवू" असे करू नये.

चाप अचानक जड किंवा हलका झाला तर

प्रत्येक वेळी आतले पार्ट खराब झालेले असतात असे नाही. अनेकदा कारण साधे असते. खाण्याचे तेल बंदुकीला लावल्याने ते वाळून डिंकासारखे चिकटते आणि चाप अडखळतो. धूळ, गव्हाचा भुसा आणि जुने ग्रीस यांचाही गाळ होतो. बंदुकीचेच पातळ तेल वापरावे, तेही थेंबभर.

लाकडी दस्ता पावसाळ्यात फुगतो आणि उन्हाळ्यात आवळतो. 315 बोअरसारख्या रायफलीत चापाची मेळवणी खालच्या पट्टीवर अवलंबून असते. त्यामुळे लाकूड हलले किंवा खालचे स्क्रू कमी जास्त आवळले गेले तरी चाप बदललेला जाणवतो. नळी पुसणे, बाहेरून तेल देणे, स्क्रू ढिले आहेत का पाहणे एवढे मालकाने करावे. चापाचा आतला संच उघडू नये.

कायदा काय सांगतो

शस्त्र कायदा 1959 च्या कलम 5 प्रमाणे बंदुकीची दुरुस्ती, विक्री किंवा तिच्यात बदल करण्यासाठी वेगळा परवाना लागतो. विनापरवाना दुरुस्तीला 2019 च्या दुरुस्तीनंतर किमान 7 वर्षे ते जन्मठेपेपर्यंत शिक्षा आणि दंड आहे. ओळखीचा लोहार किंवा गॅरेजवाला "पाच मिनिटांत करून देतो" म्हणतो, तेव्हा तो स्वतःलाही अडकवतो. बंदूक दुसऱ्याच्या हाती दिली म्हणून मालकाचा परवानाही धोक्यात येतो.

निष्काळजीपणे झालेल्या बारात कुणाचा जीव गेला तर भारतीय न्याय संहितेच्या कलम 106 प्रमाणे 5 वर्षांपर्यंत कैद होऊ शकते.

आणखी एक गोष्ट अनेकांना माहीत नसते. परवाना बंदूक बाळगण्याचा असतो, जनावर मारण्याचा नसतो. 1972 च्या वन्यजीव संरक्षण कायद्याने शिकारीला बंदी आहे. पिकाचे नुकसान करणाऱ्या जनावरासाठी वनखात्याची लेखी परवानगी वेगळी लागते. ती हातात असल्याशिवाय रानडुकरावर किंवा रोहीवर बार टाकू नये.

कारागिराकडे नेताना आणि आणताना

शस्त्रदुरुस्तीचा परवाना असलेल्या दुकानातच बंदूक न्यावी. असे दुकान कुठे आहे याची चौकशी पोलीस ठाण्यात किंवा जिल्हाधिकारी कार्यालयाच्या शस्त्र परवाना शाखेत करावी. बंदूक रिकामी करून, पिशवीत घालून, मूळ परवान्यासह न्यावी. बंदुकीचा नंबर आणि कामाचे स्वरूप लिहिलेली पावती घ्यावी. ठेवून यायची असल्यास पावतीशिवाय निघू नये.

कारागिराला "चाप एकदम हलका करून द्या" असे सांगू नये. "चाप गुळगुळीत चालू दे, वजन कंपनीच्या मापाखाली नको," असे सांगावे. जुनी अडकण घासून चालवण्यापेक्षा मूळ मापाचा नवा भाग बसवणे केव्हाही चांगले. परत घेताना वरच्या पाचही परीक्षा रिकाम्या बंदुकीवर दुकानातच करून पाहाव्यात.

जड चापावर नेम कसा साधावा

नेम चुकण्याचे मुख्य कारण बहुतेक वेळा चाप नसून हिसका असतो. बंदूक हाताने तोलण्याऐवजी मचाणाच्या आडव्या बल्लीवर पोते ठेवून टेकवावी. पहिला मोकळा टप्पा आधी ओढून घ्यावा, श्वास अर्धा सोडून थांबावा आणि बोटाच्या पहिल्या पेराने सावकाश दाब वाढवत जावे. रिकाम्या बंदुकीवर डमी काडतूस घालून रोज दहा वेळा सराव केला तर पंधरा दिवसांत फरक जाणवतो.

जनावर पूर्ण दिसेपर्यंत आणि त्याच्या मागे काय आहे ते कळेपर्यंत बोट चापावर जाऊ देऊ नये. रायफलीची गोळी किलोमीटरच्या पुढे जाते. रात्री शेजारच्या शिवारात पाणी धरणारा माणूस, बॅटरी विझवून बसलेला जागल्या किंवा बांधापलीकडची वस्ती अंधारात दिसत नाही. मचाणावर चढताना, कुंपण ओलांडताना आणि घरी परतताना बंदूक रिकामीच असावी.

थोडक्यात लक्षात ठेवा

- चापाचा आतला संच घरी उघडू नका, घासू नका, स्प्रिंग कापू नका.
- व्हिडिओ बघून स्क्रू फिरवू नका.
- हंगामाआधी, भिजल्यावर, पडल्यावर आणि ठाण्यातून परत आल्यावर पाच परीक्षा करा.
- एक परीक्षा नापास झाली तरी काडतूस घालू नका.
- दुरुस्ती फक्त परवानाधारक कारागिराकडे करा, पावती जपून ठेवा.
- सेफ्टी लावली तरी नळीचे तोंड माणसाकडे करू नका. सेफ्टीही शेवटी एक पार्टच आहे आणि तोही झिजतो.
- बंदूक कुलपात, काडतुसे वेगळ्या कुलपात ठेवा.